उसाचा तुरा: वाणाचं घड्याळ दोषी की सप्टेंबरचं पाणी?

कृष्णाकाठ: सांगलीतल्या वाळवा-पलूसकडं फडावर तुरे, म्हणजे उसाची वाढ थांबवणारा फुलोरा, दिसले की सगळे पावसाला बोल लावतात. माझ्या मते दोष वाणाच्या जनुकांत आहे. १९७१ मध्ये कोनोप्का आणि बेंझर यांनी फळमाशीतलं 'पीरियड' हे शरीरातलं घड्याळ चालवणारं जनुक दाखवून दिलं; त्यातल्या एका बदलानं माशीचं २४ तासांचं चक्र १९ तासांवर आलं, दुसऱ्यानं २८ वर गेलं. वनस्पतींत जनुकं निराळी, सीसीए१ आणि टॉक१ वगैरे, पण ती एकमेकांना आळीपाळीनं थोपवतात आणि चक्र फिरत राहतं. त्याच घड्याळावर ऊस रात्र मोजतो. आपल्याकडं १ सप्टेंबरला दिवस सुमारे साडेबारा तासांचा असतो, पुढं रोज मिनिटभर घटतो. तुरा तेव्हाच शेंड्यात ठरतो, दिसतो नोव्हेंबरात. कमी तुऱ्याचेच वाण लावा.

काळीमाती: पटत नाही. वाण एक, लागणीची तारीख एक, तरी ओलाव्यात तुरा जास्त आणि पाण्याच्या ताणात कमी. जनुकं तर दोन्हीकडं तीच! ऑगस्टअखेरीपासून तीन-चार आठवडे पाणी तोडा.

कृष्णाकाठ: काळ्या रानात, वरून पाऊस असताना ताण बसणार कसा? आणि बसलाच तर ऐन वाढीत कांडी आखूड राहते, त्याचं काय? शेवंतीवाले मध्यरात्री दिवे लावून कळी थांबवतात, म्हणजे झाड रात्रच मोजतं. उसाच्या फडात दिवे परवडणार नाहीत, म्हणून वाणच बदला.

खोडवा: वाण बदला म्हणणं सोपं आहे. उसात १०० ते १३० गुणसूत्रं, एकेका जनुकाच्या कितीतरी प्रती; एक बंद पाडली तरी बाकीच्या चालू राहतात. शिवाय तुराच नसेल तर संकर कशाचा करणार? मला लागणीची तारीख महत्त्वाची वाटते. सप्टेंबरात ज्याला तीन-चार कांड्याही सुटलेल्या नाहीत, तो ऊस घड्याळाचा इशारा घेत नाही. जुलै-ऑगस्टची लागण, म्हणजे आडसाली, पहिल्या सप्टेंबरात सुटते, दुसऱ्यात सापडते. जानेवारी-फेब्रुवारीत लावलेला 'सुरू' ऊस मात्र पहिल्याच सप्टेंबरात सापडतो.

काळीमाती: आडसालीचं मान्य. पण मग खरं नुकसान तोड लांबल्यानं होतं. तुऱ्यानंतर नवीन पान येत नाही, साखर लगेच घटतही नाही. दोन महिने उलटले की दशी पडते (कांडी आतून पोकळ होते), पांगशा म्हणजे बाजूचे फुटवे येतात, वजन उतरतं. कारखान्यानं तोडणीचा क्रम लावताना नुसती लागणीची नोंद न बघता तुऱ्याचा फड आधी घ्यावा.

कृष्णाकाठ: तोडीबाबत सहमत. पाणी तोडण्याबाबत अजून नाही.