मुधोळ कुत्र्याला जर्मनीला न्यायचंय, बेळगावातून कुणी नेलंय का?

शहापूरकर:
नमस्कार मंडळी. मिस्टरांना फ्रँकफर्टला जॉब लागलाय, जूनमध्ये निघायचंय. आमचा बाळ्या मुधोळ आहे, चार वर्षांचा, बागलकोटकडनं पिल्लू असताना आणलेला. रेबीजची लस दरवर्षी देतो, यंदाची जानेवारीत झाली, कार्ड हाय, पण कातडीखाली बसवतात ती ओळखीची चिप नाही. एक एजंट म्हणतोय कार्ड आणि फिटनेस सर्टिफिकेट एवढं पुरतं, पैसे भरा. खरं काय ओ? त्याला सोडून जायचं म्हटलं तरी मला झोप येत नाही.

टिळकवाडीची लेक:
ताई, पैसे अजिबात भरू नका! मी आमच्या मनीला म्युनिकला आणलंय. आधी १५ आकडी आयएसओ चिप, मग लस. चिपच्या आधीची लस धरत नाहीत, म्हणजे जानेवारीची गेली. लसीनंतर किमान ३० दिवसांनी रक्त काढून युरोपियन युनियनची मान्यता असलेल्या लॅबला पाठवायचं, रेबीजविरुद्धची अँटीबॉडी ०.५ आययू प्रति मिली किंवा जास्त यायला पाहिजे, आणि रक्त काढल्या तारखेपासून ३ महिने थांबायचं कारण ही रक्ततपासणी माफ असलेल्या देशांच्या युरोपियन युनियनच्या यादीत भारत नाही. आज एप्रिलच्या मध्यात चिप आणि लस केली तरी ऑगस्टचा मध्य उजाडतो बघा. जूनमध्ये तसंच नेलं तर तिथं क्वारंटाईन करतात नाहीतर परत पाठवतात, बाळ्याचे हाल होतील.

निपाणीकर:
वरचं बरोबर आहे. अजून एक, मालक आणि कुत्र्यानं एकमेकांच्या ५ दिवसांच्या आत प्रवास करायला पाहिजे, नाहीतर व्यापारी नियम लागतात, म्हणून ऑगस्टमध्ये एकानं न्यायला परत यायचं. सांबऱ्याहून, म्हणजे आपल्या बेळगाव विमानतळावरनं, परदेशी फ्लाईट नाही, मुंबई नाहीतर बेंगळूर गाठावं लागतंय, आणि सरकारी पशु क्वारंटाईन ऑफिसपण दोन्हीकडं हाय. शेवटचं हेल्थ सर्टिफिकेट युरोपात शिरायला १० दिवसच चालतं, तिकीट बघूनच घ्या. पिंजरा मात्र आत्ताच आणा, मुधोळ उंच असतंय, आत उभं राहून वळता आलं पाहिजे. रोज जेवण त्यातच द्या, म्हणजे तीन-चार महिन्यांत त्याला ते आपलं घर वाटायला लागतंय. झोपेचं औषध देऊ नका, वर हवेत त्रास होतो.

शहापूरकर:
एजंटला नाही म्हणून सांगितलं. मिस्टर जूनमध्ये पुढं जातील, मी आईकडं खानापूरला बाळ्याजवळ थांबते, मग आम्ही दोघं एकाच विमानानं जाऊ. उद्या सकाळी चिपसाठी डॉक्टरांकडं चाललोय.