द्रूझ आणि मॅरोनाईट: हे वैर नेमकं कधीपासूनचं?

कंपास_दुबई

मी दुबईत एका आर्किटेक्टच्या ऑफिसात आठ वर्षं ड्राफ्ट्समन आहे. माझ्या दोन्ही बाजूंच्या टेबलांवर लेबनीज बसतात. एक देर अल कमरचा, मॅरोनाईट ख्रिश्चन. दुसरा बाक्लीनचा, द्रूझ पंथाचा. दोन्ही गावं शूफच्या डोंगरात, एकमेकांना लागून. दोघं रोज एका डब्यात जेवतात. गेल्या आठवड्यात मी सहज विचारलं, "सुट्टीत गावी एकत्रच जाता का?" देर अल कमरवाला म्हणाला, "८३ साली मी सहा वर्षांचा होतो. तीन महिने आम्हाला गावाबाहेर पाय टाकता आला नाही." बाक्लीनवाला काहीच बोलला नाही. उठला आणि दोघांसाठी कॉफी करून घेऊन आला.

तेव्हापासून मनाला टोचणी लागली आहे. इंटरनेटवर बघितलं तर "हजार वर्षांचं धर्माचं भांडण" एवढंच सापडतं. खरंच तसं आहे का? जाणकारांनी सांगावं.

सुभेदार_निवृत्त

कंपासभाऊ, हजार वर्षं वगैरे अजिबात नाही. हे वाक्य वाचलं की मला राग येतो, कारण मी त्या लोकांच्या घरात बसलो आहे.

दक्षिण लेबनॉनमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेत १९९८ पासून भारतीय बटालियन असते. मी एक वर्ष तिथे होतो. आमच्या पशुवैद्य साहेबांबरोबर गाडी घेऊन गावोगाव फिरायचं, शेळ्यामेंढ्यांना औषध पाजायचं, हे माझं काम. सकाळी ख्रिश्चनाच्या गोठ्यात, दुपारी द्रूझाच्या. हासबयाजवळ एक द्रूझ बाबा होते, डोक्याला पांढरी टोपी, ढगळ काळी सलवार. ते आम्हाला माते पाजायचे. ही अर्जेंटिनाची पानं, तिकडे पोटापाण्यासाठी गेलेल्यांनी परत येताना आणलेली सवय. एकच पेला, एकच धातूची नळी, सगळ्यांनी आळीपाळीने ओढायचं. पुढच्याला देण्याआधी बाबा लिंबाच्या सालीने नळीचं टोक पुसायचे. त्या बैठकीत त्यांचा ख्रिश्चन शेजारीही असायचा. तीच नळी, तेच लिंबू.

आणि त्याच हासबयात शिहाब अमीरांची जुनी गढी आहे. जून १८६० मध्ये गावातले ख्रिश्चन जीव वाचवायला तिच्या चौकात जमले. तेव्हा तिथे तुर्कांचं राज्य. तुर्की अधिकाऱ्याने "तुम्हाला राखतो" म्हणून त्यांची हत्यारं काढून घेतली, आणि मग दार उघडलं गेलं. आत शिरलेल्या द्रूझांनी कत्तल केली. मी त्या चौकात उभा राहिलो आहे. फरशी साधी आहे, कोपऱ्यात गवत उगवलेलं. तिथे बोलायला शब्द सुचत नाहीत.

आता मुळाशी जाऊ. सतराव्या शतकात त्या डोंगराचा अमीर फख्रुद्दीन हा द्रूझ. त्यानेच उत्तरेकडच्या मॅरोनाईट शेतकऱ्यांना शूफमध्ये बोलावून वसवलं, कारण त्याला तुती लावणारे, रेशीम काढणारे हात हवे होते. पुढे १७११ ची ऐन दाराची लढाई. ती द्रूझांच्याच दोन तटांमध्ये झाली, कैसी आणि यमनी. हरलेले यमनी द्रूझ हौरानकडे, म्हणजे दक्षिण सीरियात, निघून गेले. डोंगरातले द्रूझ कमी झाले, मॅरोनाईट वाढत गेले. तरी जमीनदार द्रूझ आणि कसणारा ख्रिश्चन ही घडी चालू होती. तंटे व्हायचे ते तटांचे, आणि प्रत्येक तटात दोन्ही धर्मांची माणसं असायची.

घडी मोडली ती दुसऱ्या बशीरच्या काळात. हा शिहाब अमीर, घराणं मूळचं सुन्नी, पुढे ख्रिश्चन झालेलं. १८२५ मध्ये त्याने सर्वांत बड्या द्रूझ सरदाराचा, बशीर जुम्ब्लातचा, काटा काढला. अक्का या किनाऱ्यावरच्या शहरात त्याला ठार मारवलं, जमिनी जप्त केल्या. मग इजिप्तच्या इब्राहिम पाशाचा अंमल आला आणि १८३८ मध्ये हौरानच्या द्रूझांचं बंड मोडायला मॅरोनाईटांच्या हातात बंदुका दिल्या गेल्या. माझ्या मते खरी ठिणगी ही. शेजाऱ्याने आपल्यावर बंदूक रोखली हे माणूस विसरत नाही.

१८४० मध्ये बशीरची सत्ता गेली. हद्दपार झालेले द्रूझ सरदार परतले, तर जमिनीवर दुसराच बसलेला, आणि रयत म्हणते आम्ही तुमचं ऐकणार नाही. १८४१ मध्ये पहिली मोठी मारामारी झाली. आणि भाऊ, तुम्ही ही दोन गावं लिहिलीत म्हणून मुद्दाम सांगतो: देर अल कमरच्या ख्रिश्चनाने बाक्लीनच्या द्रूझाच्या हद्दीत तितर मारलं, त्यावरून तोंड लागलं, असं सांगतात.

रेशीमधागा

सुभेदारकाका, फार मोलाचं लिहिलंत. मी इतिहास शिकवते, दोन गोष्टी जोडते.

१८५८-५९ मध्ये उत्तरेकडच्या कस्रवान भागात तानियूस शाहीन याच्या मागे शेतकरी उठले. ते मॅरोनाईट, आणि ज्या खाझिन जमीनदारांना त्यांनी हाकललं तेही मॅरोनाईटच. म्हणजे भांडण जमिनीचं होतं. त्याची झळ दक्षिणेत पोचली तेव्हा जमीनदार द्रूझ निघाले, आणि त्याला धर्माचा रंग चढला. त्यातूनच १८६०. शिवाय फ्रेंच मॅरोनाईटांच्या पाठीशी, इंग्रज द्रूझांच्या. १८४३ पासून तुर्कांनी बैरूत-दमास्कस रस्ता ही हद्द धरून डोंगराचे दोन तुकडे केले होते, उत्तरेला ख्रिश्चन कारभारी, दक्षिणेला द्रूझ. पण दक्षिणेत रयत बहुतेक ख्रिश्चनच, मग ही वाटणी टिकणार कशी?

दमास्कसमध्येही जुलै १८६० मध्ये ख्रिश्चनांची कत्तल झाली. तिथे अल्जीरियाच्या अब्दुल कादिरने हजारोंना आपल्या वाड्यात आणि किल्ल्यात आणून वाचवलं. हे नाव प्रत्येक वेळी घेतलं पाहिजे.

कंपास_दुबई

वाचून सुन्न झालो. द्रूझ म्हणजे मुसलमानच ना? आणि ८३ चं काय?

सुभेदार_निवृत्त

पंथ अकराव्या शतकात फातिमी इजिप्तमध्ये इस्माइली शियांतून निघाला, पण वेगळा झाला. १०४३ पासून बाहेरच्याला आत घेत नाहीत. मशिदीऐवजी खलवा असते, गुरुवारी रात्री जमतात. याहून जास्त ते सांगत नाहीत, आपणही खोदून विचारू नये.

८३ बद्दल. १६ मार्च १९७७ ला द्रूझांचे नेते कमाल जुम्ब्लात यांचा खून झाला. शूफच्या द्रूझांनी त्याच दिवसापासून गावातल्या निरपराध ख्रिश्चनांवर सूड उगवला. १९८२ मध्ये इस्राएली सैन्याच्या मागोमाग लेबनीज फोर्सेस ही ख्रिश्चनांची सशस्त्र संघटना शूफमध्ये शिरली. सप्टेंबर १९८३ मध्ये इस्राएली मागे हटले आणि डोंगर पेटला. कफ्र मत्तात द्रूझ मारले गेले, भामदून पडलं, शूफ आणि आलेयमधली ख्रिश्चन गावंच्या गावं रिकामी झाली. देर अल कमरला डिसेंबरपर्यंत वेढा होता, आत आसपासच्या गावांतून पळून आलेली हजारो माणसं. तुमचा मित्र त्यांतला. आणि बाक्लीनवाल्याच्या घरातलंही कोणी गेलं असेल, तो बोलला नाही म्हणून ते मोजायचंच नाही असं नाही.

ऑगस्ट २००१ मध्ये मॅरोनाईटांचे धर्मप्रमुख, पॅट्रिआर्क नसरल्लाह स्फेर, मुख्तार्‍याला, जुम्ब्लातांच्या वाड्यावर गेले, कमाल यांचे चिरंजीव वलीद जुम्ब्लातांनी स्वागत केलं. लोक रस्त्यावर तांदूळ आणि फुलं उधळत होते. त्याआधीपासून विस्थापितांसाठी वेगळं मंत्रालय होतं, घर बांधायला पैसे मिळायचे. ब्रीह गावाचा समेट मात्र २०१४ पर्यंत रखडला.

मी एकदा सुट्टीच्या दिवशी बेइतेद्दीनचा राजवाडा बघायला गेलो होतो. वाटेत एका गावात नवी कोरी दगडी घरं, सगळ्या खिडक्यांच्या झडपा बंद. मालक बैरूतला राहतात, उन्हाळ्यात येतात. त्यातल्या एका अंगणात पांढऱ्या टोपीवाला शेजारी नळी धरून अंजिराच्या झाडाला पाणी घालत होता. मी विचारलं, झाड तुमचं का? म्हणाला, "नाही, त्यांचं. ऑगस्टमध्ये येतील, तोवर फळ धरायला हवं."