एमपीडीएतून सुटणं म्हणजे 'टेक्निकल ग्राउंड'वर सुटणं का?

गोदाकाठ
आमच्या गल्लीतल्या एका पोराला एमपीडीए लागला, म्हणजे गुंड, हातभट्टीवाले वगैरेंना खटल्याशिवाय आत ठेवायचा महाराष्ट्राचा कायदा. एक वर्षासाठी स्थानबद्ध. मी कोर्टाबाहेर टायपिंग करतो म्हणून त्याची आई फाईल घेऊन माझ्याकडे आली. झेरॉक्स इतकी काळी, की पंचनाम्यातला शिक्का तेवढा दिसतो. खाली पोराची सही : 'वाचून दाखवले, समजले.'
पोरगा साधा आहे असं नाही. चार गुन्हे आहेत, चारहीत जामीन झालेला. पण खटला न चालवता वर्षभर आत ठेवायचं, तर त्याच्या हातात काय उरतं? नेहमीच्या अटकेत 24 तासांत मॅजिस्ट्रेटपुढे उभं करतात, वकील मिळतो. घटनेच्या कलम 22 नं हे दोन्ही हक्क स्थानबद्धाला नाकारलेत. त्याला फक्त पाचवं उपकलम : कारणं लवकरात लवकर कळवा, निवेदनाची संधी द्या. पुढे सल्लागार मंडळ, आत ठेवायला पुरेसं कारण आहे का ते बघणारं. तिथंही वकील हक्कानं मागता येत नाही. ए. के. रॉय प्रकरणात 1981 च्या डिसेंबरमध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं, वकील नसलेला एखादा मित्र सोबत चालेल. बास, एवढंच. मग न वाचता येणाऱ्या पानांमुळे आदेश रद्द झाला, की लोक 'टेक्निकल ग्राउंडवर सुटला' म्हणतात, तेव्हा डोकं फिरतं.

चौकातला
काका, तुम्ही फाईल बघितलीत, आम्ही दादा बघितलाय. तुमच्या गल्लीतला नव्हे, आमच्या वस्तीतला. माझ्या चुलत्यानं त्याच्याविरुद्ध फिर्याद दिली. आठवड्यात जामीन, आणि दादा चहाला चुलत्याच्याच टपरीवर. पैसे दिले नाहीत हे सांगायला नकोच. एमपीडीएच्या वेळी दोघं जबाबाला तयार झाले, तेही नाव बाहेर येणार नाही म्हटल्यावर. जनहिताविरुद्ध असेल ती माहिती देऊ नका, हे कलम 22 मध्येच आहे की!

गोदाकाठ
नावं मागतंय कोण? पण या फाईलमध्ये 'साक्षीदार अ' आणि 'साक्षीदार ब' यांचा जबाब शब्दन्‌शब्द एकच आहे. तोच चाकू, खिशातून काढलेले पैसेही तेवढेच. तारीख तेवढी बदललीय. यावर पोरानं निवेदनात लिहायचं काय?

माजी हवालदार
एमपीडीएचे प्रस्ताव मीही केलेत. जुना समोर ठेवून नवा लिहितात, कबूल. रात्रपाळी संपवून करायचं काम ते. पण मुदतींबद्दल कुणी बोलत नाही. आदेशापासून 12 दिवसांत शासनाची मंजुरी हवी. ताब्यात घेतल्यापासून 3 आठवड्यांत प्रकरण मंडळापुढे आणि 7 आठवड्यांत मंडळाचा अहवाल. तारीख हुकली की आमची मेहनत पाण्यात. साध्या खटल्यात इतकी घाई कधी बघितलीय?

तिसऱ्या वर्षाची
हवालदारकाका, साध्या खटल्यात आरोप सिद्ध करावा लागतो, म्हणून वेळ लागतो. इथे सिद्ध काहीच करायचं नाही, मग तारखा तरी पाळा! हरिकिसन प्रकरणात (1962) स्थानबद्धाला कारणं इंग्रजीत दिली होती. त्यानं हिंदी भाषांतर मागितलं, ते नाकारलं. सुप्रीम कोर्टानं महाराष्ट्र सरकारविरुद्ध निकाल दिला : समजेल अशा भाषेत दिलं नाही तर ते 'कळवणं'च नव्हे. 2024 च्या डिसेंबरमध्ये परभणीच्या एका हातभट्टीवाल्याचा आदेशही सुप्रीम कोर्टानं रद्द केला. सहा गुन्हे, आणि एकातही अटक करावीशी वाटली नव्हती. त्याच्यामुळे सार्वजनिक सुव्यवस्था धोक्यात कशी, याचं उत्तर मिळालं नाही.
आणि एक गंमत. मंडळाच्या मताशिवाय आत ठेवायची मुदत 3 महिन्यांवरून 2 वर आणणारी तरतूद 44 व्या घटनादुरुस्तीत 1978 सालीच मंजूर झाली. आणीबाणीत मिसाखाली, म्हणजे असल्याच स्थानबद्धतेच्या कायद्याखाली, तुरुंगात जाऊन आलेली माणसं तेव्हा सत्तेत होती. ही तरतूद लागू करणारी अधिसूचना त्यांनीही काढली नाही, नंतरच्यांनीही नाही.

चौकातला
निकाल झकास. पण हातभट्टीवाला परत आल्यावर तिथल्या बायकांनी करायचं काय?

गोदाकाठ
तुमचा प्रश्न खोटा नाही. पण सहा गुन्ह्यांत एकदाही अटक का नाही, हे त्या बायकांनी ठाण्यात विचारावं.
असो. निवेदन टाईप झालं. दिसत नाहीत त्या पानांचे नंबर टाकून स्वच्छ प्रत मागितलीय. मंडळापुढे मित्र म्हणून कोण जाणार, असं त्याच्या आईला विचारलं, तर ती माझ्याकडेच बघत बसली.

चौकातला
जा काका. सुटला तर टपरीवर पैसे देऊन चहा पितो का, तेवढं बघा.