गेम सी ड्राइव्हवर ठेवावेत का? (चर्चा)

काजूबोंडू

चवथ जवळ आली की भाचे-पुतणे जमतात, लॅपटॉपवर नवा गेम चढवायचं ठरतं आणि नेमकी तेव्हाच सी ड्राइव्हची पट्टी लाल दिसते. मग शोधाशोध सुरू: जुने गेम बसलेत तरी कुठे? माझं मत आधीच मांडतो, मग खुशाल भांडा. सी फक्त विंडोजसाठी ठेवावा. गेम सगळे डीवर, एका 'गेम्स' फोल्डरात, आणि त्यात प्रत्येक लाँचरचा (गेम उतरवून चालवणाऱ्या प्रोग्रामचा, जसा स्टीम किंवा एपिक) पोटफोल्डर वेगळा.

शोधण्याबद्दल एक गोष्ट. डेस्कटॉपवरच्या चिन्हावर उजवी क्लिक करून फाइलची जागा उघडायला गेलात तर स्टीमच्या गेमबाबत फसाल. ते चिन्ह म्हणजे स्टीमला दिलेली चिठ्ठी असते. तिच्यात गेमचा क्रमांक असतो, पत्ता नसतो. स्टीमच्या लायब्ररीत गेमच्या नावावर उजवी क्लिक, मग मॅनेज, मग ब्राउझ लोकल फाइल्स, की फोल्डर समोर येतो. काहीच ठरवलं नसेल तर तो सी ड्राइव्ह → प्रोग्राम फाइल्स (एक्स८६) → स्टीम → स्टीमअ‍ॅप्स → कॉमन इथे असतो. एपिकचे गेम प्रोग्राम फाइल्समधल्या 'एपिक गेम्स'मध्ये, एक्सबॉक्स अ‍ॅपचे सीवरच्या 'एक्सबॉक्सगेम्स'मध्ये, रायटचे 'रायट गेम्स'मध्ये. लाँचर कुठला हेही आठवत नसेल तर गेम चालू ठेवून टास्क मॅनेजर उघडा आणि तिथे त्या ओळीवर उजवी क्लिक करून फाइलची जागा उघडा. तिथे चिठ्ठी नाही, खरी एक्झी फाइल सापडते.

फोल्डरच्या नावावर मात्र विसंबू नका. काउंटर-स्ट्राइक २ हा २०२३ मध्ये आला तरी तो बसतो 'काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह' नावाच्या जुन्याच फोल्डरात. डोटा २ च्या फोल्डरावर अजून 'बीटा'ची शेपटी आहे. जुना गेम समजून हे फोल्डर उडवणारे कमी नाहीत.

झुआरीपूल

काजूबोंडूबाब, शोधायची पद्धत बरोबर, निष्कर्ष चूक. तुमचा डी म्हणजे नेमकं काय? दुसरी डिस्क असेल तर मी गप्प बसतो. पण बहुतेक लॅपटॉपांत ५१२ जीबीची एकच एसएसडी (न फिरणारी, वेगवान डिस्क) असते, जी विंडोजला ४७६ जीबी दिसते, आणि दुकानदार तिचेच दोन तुकडे करून देतो. एकाच माजघरात मधे भिंत घातल्यासारखं. दीडशेचा सी आणि सव्वातीनशेचा डी केलात, की वर्षभरात सी गुदमरतो आणि डीवर ९० जीबी मोकळे पडून राहतात.

बरं, ती भिंत सरकवू म्हटलं तर डिस्क मॅनेजमेंटमध्ये 'एक्स्टेंड व्हॉल्यूम' फिकट दिसतं. कारण मोकळी जागा सीच्या लगेच उजवीकडे लागते आणि बहुतेक वेळा तिथे रिकव्हरीचा छोटा तुकडा आडवा बसलेला असतो, नाहीतर डी स्वतःच.

'विंडोज नव्याने टाकलं तरी गेम वाचतात' हा तुमच्या बाजूचा नेहमीचा मुद्दा येईलच, म्हणून आधीच सांगतो. गेमच्या फाइली वाचतात, त्या पुन्हा उतरवताही येतात. क्लाउडवर प्रत नसेल तर जे पुन्हा उतरवता येत नाही ते म्हणजे तुमचे सेव्ह (खेळ कुठवर आला त्याच्या नोंदी), आणि ते बहुतेक सीवरच असतात, गेम कुठेही बसवा. स्टारड्यू व्हॅलीचे सेव्ह अ‍ॅपडेटातल्या रोमिंगमध्ये, बाल्डर्स गेट ३ चे अ‍ॅपडेटातल्या लोकलमध्ये लॅरियन स्टुडिओजच्या फोल्डरात, विचर ३ चे डॉक्युमेंट्समध्ये, सायबरपंक २०७७ चे 'सेव्ह्ड गेम्स'मध्ये. चार गेम, चार ठिकाणं, आणि चारही सी ड्राइव्हवर तुमच्या नावाच्या फोल्डरात. क्लाउडवर सेव्ह नसताना सी फॉरमॅट केला की डीवर दीडशे जीबीचा गेम शाबूत आणि ८० तासांचा खेळ गायब.

तिठा

दोघेही अर्धे बरोबर. प्रश्न सी की डी हा नाही, डिस्क कुठल्या जातीची आहे हा आहे.

साध्या फिरत्या हार्डडिस्कवर सलग वाचन सेकंदाला १०० ते २०० एमबी, साटा एसएसडीवर (जुन्या जोडणीच्या) साडेपाचशेच्या आसपास, तिसऱ्या पिढीच्या एनव्हीएमई एसएसडीवर (नव्या, वेगवान जोडणीच्या) साडेतीन हजारांपर्यंत. स्टारफील्डच्या किमान गरजांतच १२५ जीबी आणि एसएसडी लिहिलेली आहे, बाल्डर्स गेट ३ ला १५० जीबी आणि एसएसडी. असे गेम फिरत्या डिस्कवर टाकले तर सुरू होतात, पण वळणावर भिंतींचे रंग उशिरा येतात, आवाज मागे पडतो, आणि लोक ग्राफिक्स कार्डाला शिव्या घालतात. स्टारड्यूसारखे हलके किंवा दहा-बारा वर्षांपूर्वीचे गेम बाहेरच्या हार्डडिस्कवर खुशाल ठेवा.

बाहेरची डिस्क एनटीएफएस (विंडोजची नेहमीची फॉरमॅट पद्धत) असावी. दुकानातून येते ती बरेचदा एक्सफॅट असते आणि एक्सबॉक्स अ‍ॅपला ती चालत नाही. फॅट३२ असेल तर ४ जीबीहून मोठी एकही फाइल बसणार नाही. रूपांतर गेम टाकण्याआधी करा, फॉरमॅटमध्ये सगळं पुसलं जातं.

आणि डिस्कचं अक्षर पक्कं करून ठेवा. आज ई, उद्या पेनड्राइव्ह आधी लावला म्हणून एफ, की स्टीमला लायब्ररी सापडत नाही आणि सगळे गेम 'बसवलेले नाहीत' असे दिसतात. तेव्हा घाबरून 'इन्स्टॉल' दाबू नका. डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन तिला पी किंवा एक्ससारखं लांबचं अक्षर द्या, स्टीम बंद करून पुन्हा उघडा.

काजूबोंडू

सेव्हचा मुद्दा मान्य, तो मी लिहायला हवा होता. पण विंडोज नव्याने टाकल्यावर १५० जीबी पुन्हा उतरवणं म्हणजे काय ते हिशोबाने बघा. १०० एमबीपीएसची लाइन पूर्ण वेगाने चालली तरी ३ तास २० मिनिटं. ४० एमबीपीएसवर ८ तास २० मिनिटं. आणि आषाढात आपल्याकडे आठ तास सलग वीज कुठे असते हो! डीवर गेम असतील तर स्टीम पुन्हा टाकायचं, सेटिंग्ज → स्टोरेजमध्ये डीवरचा लायब्ररी फोल्डर जोडायचा, संपलं. स्टीमअ‍ॅप्समध्ये प्रत्येक गेमची एक 'अ‍ॅपमॅनिफेस्ट' फाइल असते, शेवट एसीएफ, नावात गेमचा क्रमांक. डोटा २ चा ५७०. ती फाइल गेमसोबत डीवरच राहते, म्हणून स्टीम गेम लगेच ओळखतं.

झुआरीपूल

स्टीम ओळखतं. एपिक ओळखत नाही, कारण त्याची नोंदवही सीवरच्या प्रोग्रामडेटामध्ये असते, ती फॉरमॅटमध्ये जाते. गेम डीवर आहे, पण लाँचरच्या लेखी नाही. तेव्हा हे करावं लागतं: डीवरच्या फोल्डराचं नाव बदलायचं, एपिकमधून त्याच जागी नव्याने इन्स्टॉल सुरू करायचं, एक-दोन टक्के झाले की थांबवून लाँचर पूर्ण बंद करायचा, जुन्या फोल्डरातलं सगळं नव्यात ओतायचं, मग पुन्हा चालू. तो आहेत त्या फाइली तपासतो आणि उरलेलंच उतरवतो. हे करायला हरकत नाही, पण 'डीवर टाका आणि निवांत राहा' हे खरं नव्हे एवढंच म्हणतोय.

सोलकढी

एवढा खटाटोप कशाला? जो गेम दोन महिने उघडला नाही तो काढून टाका, हवा तेव्हा उतरवा. बाहेरच्या डिस्कवर जपून ठेवलेला गेम सहा महिन्यांनी लावलात की त्यावर ३०-४० जीबीचं अपडेट येऊन बसतं. मग जपलं काय?

फक्त काढताना लाँचरमधूनच काढा. फोल्डर हाताने डिलीट केला तर नोंद तशीच राहते आणि स्टीमला गेम अजून आहे असंच वाटतं. प्ले दाबलं की चूक दाखवतं. उलट, लाँचरमधून काढल्यावरही फोल्डर कधीकधी मागे राहतो. त्यात तुम्ही टाकलेले मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या बाहेरच्या फाइली) असतात, स्टीम आपण आणलेल्याच फाइली उचलतं. हा उरलेला फोल्डर मात्र आत बघून हाताने काढायला हरकत नाही.

मांडवीकाठ

सोलकढीताई, फोंड्याच्या आत वाड्यावर मोबाइलच्या हॉटस्पॉटवर दिवसाला दीड-दोन जीबी मिळतात. तिथे 'हवा तेव्हा उतरवा' म्हणजे दीडशे जीबीच्या गेमला निदान ७५ दिवस. पणजीचा सल्ला पणजीत ठेवा :)

मी जंक्शन सुचवतो. फोल्डर दुसऱ्या डिस्कवर नेऊन जुन्या जागी त्याच नावाचा दरवाजा ठेवायचा. लाँचरला वाटतं गेम सीवरच आहे. क्रम असा: लाँचर बंद, फोल्डर डीवर कॉपी, कॉपी पूर्ण झाली हे दोन्हीकडचा आकार आणि फाइलींची संख्या बघून ताडून घ्या, मग सीवरचा मूळ फोल्डर काढा, आणि कमांड प्रॉम्प्टमध्ये 'एमकेलिंक', स्लॅश जे, आधी जुना पत्ता आणि नंतर नवा, दोन्ही अवतरणचिन्हांत. पत्त्यांचा क्रम उलटा झाला किंवा जुना फोल्डर शिल्लक असला तर 'फाइल आधीच आहे' म्हणून अडतं. कमांड लिहिताना अर्थात इंग्रजीतच लिहा.

झुआरीपूल

जंक्शन चांगलं, पण ज्याला ते आठवणार नाही त्याने करू नये. तो दरवाजा बाणाच्या चिन्हासह साध्या फोल्डरासारखा दिसतो. आत शिरून 'जागा मोकळी करू' म्हणत फाइली काढल्या तर डीवरच्या खऱ्या फाइली जातात. नुसता दरवाजा काढायचा तर 'आरएमडीआयआर', तेही स्लॅश एस न लावता. बाहेरची डिस्क न लावता लाँचर उघडला तर दरवाजामागे काहीच नसतं आणि तो गेम दुरुस्त करायला घेतो.

शिवाय स्टीमला याची गरजच नाही. गेमवर उजवी क्लिक → प्रॉपर्टीज → इन्स्टॉल्ड फाइल्स → मूव्ह इन्स्टॉल फोल्डर. एक्सबॉक्स अ‍ॅपमध्ये मॅनेज → फाइल्स → चेंज ड्राइव्ह. जिथे लाँचर स्वतः हलवून देतो तिथे हाताने हलवणं म्हणजे उगाच काम वाढवणं. आणि सी → प्रोग्राम फाइल्समधल्या लपलेल्या 'विंडोजअ‍ॅप्स' फोल्डराची मालकी स्वतःकडे घेण्याचे जे उपाय फिरतात, ते चुकूनही करू नका. परवानग्या बिघडल्या की गेमच नाही, कॅल्क्युलेटरही उघडेनासा होतो.

तिठा

विजेचं राहिलंच. डेस्कटॉप असेल, इन्व्हर्टर नसेल, तर ढग भरून आल्यावर १०० जीबी हलवायला घेऊ नका. फिरत्या डिस्कवर सेकंदाला १२० एमबीच्या वेगाने साधारण १४ मिनिटं लागतात, पण डिस्क चुकून जुन्या यूएसबी २ च्या भोकात लावली तर तेच ४० मिनिटांच्या वर जातं. हाताने नेताना रोबोकॉपी (विंडोजमधली कॉपी करायची कमांड) वापरा, 'स्लॅश ई' चा पर्याय लावून. 'मूव्ह' लावू नका. वीज गेली तर तीच कमांड पुन्हा द्या, झालेल्या फाइली तो सोडून देतो. नंतर स्टीममध्ये इन्स्टॉल्ड फाइल्सखाली 'व्हेरिफाय' चालवा, मगच मूळ पुसा.

काजूबोंडू

ठीक, माझं वाक्य दुरुस्त करतो: दुसरी डिस्क असेल तर गेम तिच्यावर, एकच एसएसडी असेल तर तुकडे न करता सीवरच, पण लाँचर जागा निवडू देत असेल तर प्रोग्राम फाइल्सच्या बाहेर, सीवरच्या स्वतंत्र 'गेम्स' फोल्डरात. मॉड टाकताना तिथे परवानग्यांची कटकट कमी होते. याला तरी हरकत आहे का झुआरीबाब?

झुआरीपूल

याला नाही. फक्त एक भर घाला: विंडोजच्या यादीतून खुद्द स्टीम अनइन्स्टॉल केलं तर त्याच्या फोल्डरातला स्टीमअ‍ॅप्सही जातो, सगळ्या गेमसकट. 'स्टीम बिघडलंय, काढून पुन्हा टाकतो' म्हणणाऱ्याने आधी स्टीमअ‍ॅप्स उचलून बाहेर ठेवावा. लायब्ररी स्टीमच्या फोल्डराबाहेर असेल तर ती त्यातून वाचते. तुमच्या बाजूचा हा सगळ्यात भक्कम मुद्दा होता, आणि तो तुम्ही मांडलाच नाहीत.

सोलकढी

मांडवीकाठ, ७५ दिवसांचा हिशोब मान्य. तिथे गॉग या गेम विकणाऱ्या संकेतस्थळावरून घ्या. त्यांचे ऑफलाइन इन्स्टॉलर पेनड्राइव्हवर कुठूनही उतरवून आणता येतात, बसवताना नेट लागत नाही. मोठ्या गेमचा इन्स्टॉलर एका एक्झीसोबत अनेक बिन फाइलींत येतो, त्यातली एक जरी राहिली तर बसवणं मधेच अडेल. पणजीहून निघताना मोजून घ्या.