हायकोर्टाची ऑर्डर असून साहेब ढिम्म, कंटेम्प्ट (कोर्टाच्या अवमानाची केस) टाकावी का?

शनिपारकर:
नमस्कार मंडळी, वडील पुण्यातल्याच एका सरकारी ऑफिसातून रिटायर झाले, वेतनश्रेणीच्या फरकासाठी हायकोर्टात रिट याचिका केली होती आणि निकाल आमच्या बाजूने लागला, १२ आठवड्यांची मुदत दिली होती ती कधीच उलटून गेली. फाईल जागची हलत नाही. क्लार्क म्हणतो साहेबांची बदली झाली, नवे साहेब म्हणतात आम्ही सुप्रीम कोर्टात जाणार आहोत, थांबा जरा. वडिलांचं म्हणणं, पेन्शन त्यांच्याच हातात आहे, उगाच वाकड्यात शिरू नकोस. कंटेम्प्टने खरंच काही होतं का, की नुसता वकिलाचा खर्च?

कोथरूडचा_काका:
काही होत नाही हो. साहेब हात जोडून माफी मागतात, कोर्ट चार शब्द सुनावतं, संपलं. १९७१ च्या अवमान कायद्यात दंड किती माहितीये? जास्तीत जास्त २,००० रुपये.

तारीख_पे_तारीख:
काका, सहा महिन्यांपर्यंत साधी कैद पण आहे त्यात, ती सोयीस्कर विसरलात :) आणि आपल्याच राज्यात झालंय, २००६ मध्ये आरा गिरण्यांच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत दोघांना एक-एक महिना आत पाठवलं, माफी मागूनसुद्धा. २०२५ मध्ये आंध्रच्या एका डेप्युटी कलेक्टरचं डिमोशन करून परत तहसीलदार केलं. आता हे रोज होत नाही हे मान्य. रोज काय होतं, तर नोटीस निघाली की सुनावणीच्या आदल्या दिवशी चेक तयार होतो, आणि तुम्हाला तेच तर पाहिजे ना.

शनिपारकर, आधी ऑर्डरचा शेवटचा पॅरा वाचा. ‘निवेदनावर निर्णय घ्यावा’ एवढंच असेल तर त्यांनी विरोधात निर्णय दिला तरी ऑर्डर पाळली असंच धरतात, मग कंटेम्प्ट नाही, नवी रिटच करावी लागते. असे लोक ढिगाने बघितलेत, निकाल लागला म्हणून पेढे वाटतात आणि हातात काही नसतं.

शनिपारकर:
बघितलं आत्ता. ‘फरकाची रक्कम अदा करावी’ असं स्पष्ट आहे.

तारीख_पे_तारीख:
मग केस दमदार आहे. सुप्रीम कोर्टात ‘जाणार’ म्हणजे स्टे (स्थगिती) नाही, नुसतं अपील दाखल झालं तरी आपोआप स्टे मिळत नाही. नव्या साहेबांच्या नावाने सर्टिफाइड कॉपी जोडून पत्र द्या, आवकचा शिक्का घ्या, कारण ‘मला ऑर्डर माहितच नव्हती’ हा यांचा ठरलेला बचाव, आणि अवज्ञा जाणूनबुजून केली हे तुम्हालाच दाखवायचंय. मुदत संपल्यापासून एक वर्षाच्या आत पिटिशन टाका, वर्ष उलटलं तर अवमान कायद्याचं कलम २० आडवं येतं. वडिलांना सांगा पेन्शन हा हक्क आहे, साहेबांच्या खिशातली नाही.

कोथरूडचा_काका:
बरं बुवा, टाका. पण आता कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच झालंय ना, तिकडे जायचं का मग?

तारीख_पे_तारीख:
नाही, तिकडे सातारा, सांगली, सोलापूर वगैरे जिल्हे गेले. पुणे अजून मुंबईलाच, त्यामुळे डेक्कन क्वीन काही सुटत नाही.