मदत हवी आहे: 21,400 चे शेअर विकले, बँकेत 19,679 आले

शृंगारतळीकर: गेल्या आठवड्यात शेअर विकले, एकूण 21,400 रुपयांचे. बँकेत आले 19,679. म्हणजे 1,721 रुपये गायब. खातं उघडताना ब्रोकरेज अर्धा टक्का सांगितलं होतं, त्या हिशोबाने 107 रुपये व्हायला हवेत. शाखेत विचारलं तर "चार्जेस असतात सर" यापुढे काही बोलत नाहीत. गणपतीआधी घराला रंग काढायचाय, रंगारी दारात उभा आहे. एसटीटी, म्हणजे शेअर व्यवहारावरचा सरकारी कर, वाढलाय का? लवकर सांगा.

आंजर्ले_बंदर: डिलिव्हरी (खात्यात ठेवलेले शेअर) की इंट्राडे (त्याच दिवशी घेऊन विकलेले)? किती कंपन्या? कॉन्ट्रॅक्ट नोट, म्हणजे ब्रोकरने पाठवलेलं सौद्याचं बिल, उघडून बघितलीत का? डिलिव्हरीत एसटीटी 0.1 टक्का, घेताना आणि विकतानाही. तुमच्या रकमेवर 21 रुपये. तो संशय सोडा.

चाकरमानी_विरार: टॅक्स कापला असणार. वर्षाच्या आत विकलं की नफ्यावर 20 टक्के, जुलै 2024 पासून.

आंजर्ले_बंदर: दर बरोबर आहे, पण भारतात राहणाऱ्याने शेअर विकले तर ब्रोकर तो टॅक्स कापत नाही. तो रिटर्न भरताना आपण भरायचा. एनआरआयचं वेगळं.

शृंगारतळीकर: डिलिव्हरीच. 3 कंपन्या, चार-पाच वर्षांपूर्वी घेतलेल्या. कॉन्ट्रॅक्ट नोट बघितली, त्यात ब्रोकरेज 300 आणि त्यावर जीएसटी 54. बाकी एसटीटी आणि एक्स्चेंजचं मिळून 22. ही बेरीज 376 होते, 1,721 नाही.

हापूसची_पेटी: आमच्या आंब्याचंही असंच. वाशीला पेटी गेली की हमाली, तोलाई, भाडं, दलाली, आणि पट्टी, म्हणजे विक्रीचा हिशोब, येते तेव्हा हातात काय राहतं ते आम्हालाच ठाऊक.

कुणकेश्वर_१२: फळं-भाजीपाल्याची अडत (दलाली) खरेदीदाराने द्यायची हा निर्णय 2016 चा आहे. शेतकऱ्याच्या पट्टीत ती दिसायलाच नको.

हापूसची_पेटी: कागदावर नसेल. मग भावातच कमी धरतात. तुम्ही कधी पेटी पाठवली आहे का?

कुणकेश्वर_१२: वीस वर्षं पाठवतोय. पट्टी नीट वाचा, एवढंच म्हणणं आहे.

सागरतीर्थ: आंब्याचा वेगळा धागा काढा. शृंगारतळीकर, ब्रोकरेज 300 म्हणजे अर्धा टक्का नाहीच. ऑर्डरी किती दिल्यात? किमान ब्रोकरेजची अट असेल.

वेंगुर्ला_जेटी: फोनार ऑर्डरी दिलास काय? तसा आसात तर थंयच पैसे गेले. माजे गेल्या पावसात असेच गेले.

शृंगारतळीकर: हो, फोनवरूनच. हे सांगायचं राहिलं. पावसात आमच्या वाडीत रेंज जाते, ॲप उघडत नाही. दुकानातल्या लँडलाइनवरून चिपळूणच्या शाखेत ऑर्डर द्यायचो. भाव रोज थोडा वर जात होता म्हणून एकदम न विकता चार दिवस थोडे थोडे विकले, रोज तिन्ही कंपन्यांचे. म्हणजे 12 ऑर्डरी. पण फोन करायचे पैसे कोण घेतं?

सागरतीर्थ: घेतात. कॉल अँड ट्रेड म्हणतात त्याला. बहुतेक ठिकाणी ऑर्डरमागे 50 च्या आसपास, वर 18 टक्के जीएसटी, म्हणजे 59. 12 गुणिले 59 झाले 708. ब्रोकरेज ऑर्डरमागे किमान 25 धरा, 12 चे बरोबर 300. तुमची नोट तेच सांगते.

आंजर्ले_बंदर: आणि डीपी चार्ज! तो कॉन्ट्रॅक्ट नोटमध्ये येत नाही, लेजरला, म्हणजे ब्रोकरकडच्या तुमच्या खातेउताऱ्याला, पडतो. डिमॅटमधून, म्हणजे शेअर ठेवायच्या खात्यातून, शेअर बाहेर गेले की कंपनीमागे दिवसाला एकदा, मग 1 शेअर विका की 1,000. एकाच दिवशी एकाच कंपनीच्या दहा ऑर्डरी असल्या तरी एकदाच. तुम्ही 3 कंपन्या 4 दिवस विकल्यात, म्हणजे 12 वेळा. लेजर मागवा, त्याशिवाय यापुढे बोलता येणार नाही.

चाकरमानी_विरार: म्हणून मी सांगतो, शेअर सोडा आणि म्युच्युअल फंड घ्या. तिथे एक रुपयाही लागत नाही.

सागरतीर्थ: लागतो, फक्त बिल येत नाही. एक्स्पेन्स रेशो, म्हणजे फंड चालवायचा खर्च, रोज एनएव्हीतून (युनिटच्या भावातून) वजा होतो. रेग्युलर (एजंटमार्फत) आणि डायरेक्ट (थेट फंडाकडून) प्लॅनमध्ये समजा 1 टक्क्याचा फरक असला तर 1 लाखावर वर्षाला 1,000 रुपये. डायरेक्ट प्लॅन जानेवारी 2013 पासून आहेत, तरी लोक रेग्युलरमध्येच बसलेत. शिवाय बऱ्याच इक्विटी फंडांत वर्षाच्या आत काढलं तर 1 टक्का एक्झिट लोड, म्हणजे पैसे काढताना कापला जाणारा चार्ज.

चाकरमानी_विरार: माझा एजंट घरी येऊन सगळं करून देतो, त्याला मिळाले तर मिळू दे.

सागरतीर्थ: द्या की, पण लागत नाही असं दुसऱ्याला सांगू नका.

शृंगारतळीकर: लेजर आलं. कॉल अँड ट्रेड 708. डीपी चार्ज 23.60 प्रमाणे 12 वेळा, 283.20. आणि शेवटी डिमॅटचा वार्षिक मेंटेनन्स 354, तोही याच आठवड्यात वळता केलाय. नोटमधले 376 धरून बेरीज 1,721 ला जुळली. मला वाटलं होतं थोडे थोडे विकले की दोन पैसे जास्त मिळतील. चार दिवसांत भाव वाढून सगळे मिळून 400 सुद्धा जास्त मिळाले नाहीत.

आंजर्ले_बंदर: तेवढेच शेअर एका दिवशी तीन ऑर्डरींत ॲपवरून गेले असते तर मेंटेनन्स सोडून सव्वादोनशेच्या आत काम होतं. फोनवरून गेले असते तरी चारशेच्या आत. टक्क्याचे चार्जेस लहान माणसाला जड जात नाहीत हो, ऑर्डरमागचे आणि दिवसामागचे ठरीव चार्जेस जड जातात. पुढच्या वेळी रेंज असेल तिथे जाऊन एकदाच विका.

सागरतीर्थ: मेंटेनन्सचं बघा. डिमॅटमध्ये 4 लाखांच्या आत शेअर असतील आणि तुमच्या नावावर एकच डिमॅट असेल तर बीएसडीए (छोट्या गुंतवणूकदारांचं कमी खर्चाचं डिमॅट) खातं होतं, सप्टेंबर 2024 पासून त्याला वार्षिक चार्ज शून्य. तुमचं साध्या खात्यात का ठेवलंय ते लेखी विचारा. उत्तर नाही आलं तर सेबीच्या स्कोर्स या तक्रार पोर्टलवर तक्रार. आणि ब्रोकरेज भांडवली नफ्यातून वजा होतं, एसटीटी होत नाही. नोट जपून ठेवा.

हापूसची_पेटी: माझं एक डिमॅट आहे, आणि बायकोच्या डिमॅटमध्ये माझं दुसरं नाव आहे. मग मला बीएसडीए मिळेल का?

सागरतीर्थ: पहिलं नाव ज्याचं त्याचं ते खातं धरतात. तुमचं एकच मोजलं जाईल.

शृंगारतळीकर: शेअर सव्वा लाखाचे उरलेत आणि डिमॅट एकच आहे. उद्या चिपळूणला जाऊन अर्ज देतो, पोच घेतो. रंगाऱ्याला निम्मे पैसे आज दिले, बाकीचे गौरी येईपर्यंत चालतील म्हणाला.