चित्रकलेचं वेड तुम्हाला घरात कुणामुळे लागलं?

पाटीपेन्सिल: काल माळा आवरताना आईच्या कटिंगच्या खाकी कागदांची गुंडाळी निघाली. आई शिवणकाम करायची. कागदांवर तिची मापं आणि मुंढ्याच्या (बाही जोडतात तिथल्या) गोलाईला डोळा नि शेपटी काढून मी केलेले मासे! ओरडली नाही कधी, फक्त "आकडे पुसू नकोस" एवढंच. आता इलस्ट्रेशनवरच पोट आहे आणि अजूनही माझी रेघ मुंढ्यासारखीच वळते. तुमचं सांगा ना.

उगाचच: आमच्याकडे उलटं. बाबा स्वतः ड्रॉइंग टीचर. घोड्याचा मागचा पाय चुकला की अख्खा घोडाच खोडायचे. मी साउंडमध्ये गेलो, तिथे कोणी रबर घेऊन येत नाही.

वाचनमात्र: घोड्याला श्रद्धांजली.

अर्धवट: @पाटीपेन्सिल, शिल्पकार लुईज बुर्ज्वा आठवली बघ. आईवडिलांचा जुन्या टॅपेस्ट्री, म्हणजे विणलेली भिंतीवरची चित्रं, दुरुस्त करायचा धंदा, त्यांची खालची कड झिजलेली असायची म्हणून ही पोरगी पायच पाय काढून द्यायची. १९९९चा तो ९ मीटरच्या वर उंच आठपायी कोळ्याचा पुतळा, 'मामाँ' (फ्रेंचमध्ये 'आई'), तो आईसाठीच, कारण आई विणणारी, सांधणारी.

उगाचच: चित्रकार मातीसलाही आईनेच रंग दिले ना?

अर्धवट: हो, १८८९. अपेंडिक्सच्या दुखण्यातून उठत होता, वेळ जावा म्हणून. तोवर वकिलाकडे कारकुनी चालली होती. वडील नाराजच झाले पुढे.

खिडकीतली: मशीन लावलंय तोवर लिहिते. आमच्यात खरा हात दादाचा. त्याची चित्रं मी खिडकीच्या काचेवर धरून ट्रेस करायचे. त्याला सायन्सला घातलं, मला कोणी अडवलं नाही कारण माझ्याकडून कुणाला काही अपेक्षाच नव्हती, फायदाच झाला म्हणा. परवा माझ्या प्रदर्शनाला आला, एका चित्रासमोर कितीतरी वेळ उभा, मग म्हणतो, "मान लांब झालीये." झालीच होती.

वाचनमात्र: अगं हे वाचून कसंतरी झालं. तो काढतो का आता?

खिडकीतली: मीटिंगमध्ये वहीच्या कडेला. वहिनीने फोटो पाठवला होता.

पाटीपेन्सिल: बरं, ते कागद प्लॅस्टिकमध्ये ठेवू का? कडा चुरतायत.

अर्धवट: प्लॅस्टिक नको, ओल धरेल. गुंडाळी हळूहळू सोडव आणि ॲसिड-फ्री कागदात सपाट ठेव. आधी दोन्ही बाजूंचे फोटो काढ, मापांसकट.